गायकनट केशवराव भोसले

पाश्चात्त्य देशांत ज्याला ऑपेरा म्हणतात, त्याचे आपल्याकडील जवळचे भावंड म्हणजे संगीत नाटक. ऑपेरात बहुतेक सारे गाऊनच म्हणावयाचे असते. आपल्याकडे गद्य आणि पद हातात हात घालून चालतात. अण्णासाहेब किर्लोस्करांनी 31 ऑक्टोबर 1880 रोजी पुण्यास ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आणले आणि ‘गाणारा नट’ हा एक नवा धंदा महाराष्ट्रात जन्माला आला. धंदा हा शब्द मी जाणूनबुजून वापरतो. हमाल आपल्या पाठीवर जगतो, तसा हा माणूस गळ्यावर जगतो. ध्वनिक्षेपक नव्हता त्या काळी शेवटच्या रांगेतील पिटवाल्यापर्यंत आवाज पोहोचविणे, तेही रात्रीमागून रात्र, ही अंगमेहनतच होती.

या धंद्यातील एका असामान्य पुरुषाची हकीकत आज सांगावयाची आहे. केशवराव भोसले यांचा जन्म 9 ऑगस्ट 1890 रोजी कोल्हापुरास झाला. घरची गरिबी. अगदी कोवळ्या वयातच हे पोर ‘स्वदेशहितचिंतक’ नाटक मंडळीत दाखल झाले. तीच त्याची शाळा, तेच त्याचे घर. देवलांच्या ‘शारदा’ नाटकातील शारदेच्या भूमिकेने या मुलाचे नाव गाजले. पैशाच्या लोभाने बापाने म्हाताऱ्याच्या गळ्यात बांधू घातलेल्या मुलीचे दुःख तो गात असे आणि प्रेक्षक डोळे पुसत. गाणारे ते मूलही पोटासाठी राबत होते, हे त्या डोळे पुसणाऱ्यांपैकी किती जणांच्या ध्यानात आले असेल?

1 जानेवारी 1908 रोजी, वयाच्या अठराव्या वर्षी, केशवरावांनी हुबळीस ‘ललितकलादर्श’ ही स्वतःची मंडळी उभी केली. चाकर होता तो मालक झाला. येथे मला, संघटनेच्या कामात केस पिकलेल्या माणसाला, एक प्रश्न पडतोच: मालक झाल्यावर तो कसा वागला? सर्व हिशेब आज आपल्यापुढे नाही. परंतु त्याने नफा कशात घातला, हे दिसते. रामकृष्णबुवा वझ्यांसारख्या गवयाकडून चाली घेतल्या. पडदे आणि देखावे यांवर सढळ हाताने खर्च केला. हिराबाई पेडणेकर या स्त्रीने लिहिलेले ‘दामिनी’ नाटक रंगभूमीवर आणण्याचे धैर्य याच मंडळीने दाखविले. मामा वरेरकरांचे हुंड्यावर कोरडे ओढणारे ‘हाच मुलाचा बाप’ 1916 साली हिनेच केले. शाळेचे तोंड फारसे न पाहिलेल्या माणसाची ही निवड आहे. पुस्तकी शिक्षण नसले म्हणजे दृष्टी नसते, असे मानणाऱ्यांनी याचा विचार करावा.

त्यांच्या बरोबरीचा, किंबहुना प्रतिस्पर्धी, म्हणजे बालगंधर्व. दोन्ही मंडळ्यांचे चाहते एकमेकांशी हमरीतुमरीवर येत. तरीही टिळक स्वराज्य फंडासाठी हे दोघे 8 जुलै 1921 रोजी मुंबईस बालीवाला थिएटरात एकाच रंगमंचावर उभे राहिले. खाडिलकरांचे ‘मानापमान’, केशवराव धैर्यधर, बालगंधर्व भामिनी. पदामागून पद रंगत गेले. तिकिटांचे दर इतके चढे होते की परळ-लालबागच्या गिरणी कामगाराला आत पाऊल टाकणे शक्य नव्हते, हेही नमूद केले पाहिजे. पण ज्यांची पोटे एकाच बाजारपेठेवर अवलंबून, त्या दोन स्पर्धकांनी मोठ्या कामासाठी ईर्षा बाजूला ठेवली, ही गोष्ट लहान नव्हे. दोन युनियनांना एका मांडवाखाली आणताना माझी किती वर्षे गेली, ते मीच जाणतो!

त्यानंतर तीन महिनेही उलटले नाहीत. 4 ऑक्टोबर 1921 रोजी विषमज्वराने केशवरावांना नेले. वय अवघे एकतीस. इटलीचा जगप्रसिद्ध ऑपेरागायक कारुसो त्याच वर्षी 2 ऑगस्टला, अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, निवर्तला होता. तोही नेपल्सच्या गरीब घरातला, लहानपणी कारखान्यात राबलेला. कारुसोचा आवाज ग्रामोफोनने जगभर पोहोचविला. आमच्या केशवरावांची कीर्ती मुख्यतः ऐकणाऱ्यांच्या आठवणींवर जगली.

मात्र मंडळी बुडाली नाही. बापूराव पेंढारकरांनी ती उचलली आणि पुढे चालविली. एका माणसाच्या गळ्यावर उभी असलेली संस्था त्या गळ्यानंतरही टिकली, यात केशवरावांचे खरे कर्तृत्व आहे, असे मी समजतो. बरोबरचे लोक तयार केल्याशिवाय हे घडत नाही.

शाहू महाराजांनी कोल्हापुरात बांधलेले पॅलेस थिएटर पुढे केशवरावांच्या नावाने ओळखले जाऊ लागले. 8 ऑगस्ट 2024 च्या रात्री ते आगीत होरपळले; दुसरा दिवस केशवरावांच्या जयंतीचा होता. भिंती पुन्हा उभारता येतात. परंतु त्या भिंतींमध्ये पडदे ओढणारे, दिवे धरणारे, पेट्या वाहणारे जे शेकडो हात राबले, त्यांची नावे कोणत्याही पाटीवर नव्हती. नवी पाटी लागेल तेव्हा केशवरावांच्या नावाखाली त्यांच्यासाठी एक ओळ असावी, एवढीच या हमालांच्या कार्यकर्त्याची मागणी आहे.