सेस : शेकड्यामागच्या रुपयाची कुळकथा

लिलाव होतो, माल काट्यावर चढतो आणि थोड्या वेळाने अडत्या शेतकऱ्याच्या हातात एक वीतभर कागद ठेवतो. ती पट्टी. वजन, भाव, हमाली, तोलाई आणि तळाशी हातात पडणारी रक्कम. सेस तिच्यात नसतो, कारण तो खरेदीदाराने भरायचा असतो. पण बोली लावणारा तो मनात धरूनच बोली लावतो. म्हणून त्याचा उगम शेतकऱ्यालाही ठाऊक असायला हवा.

'सेस' हा इंग्रजी 'असेस'चा तोकडा झालेला अवतार, अर्थ आकारणी. आपल्या जुन्या दप्तरांत अशा आकारणीलाही 'पट्टी'च म्हणत.

सेसचं घर वऱ्हाडात आहे. आज वाशीम जिल्ह्यात असलेल्या कारंजाला 1886 साली, हैदराबादच्या इंग्रज रेसिडेंटच्या हुकमाने, कापसाचा पहिला नियंत्रित बाजार सुरू झाला. मँचेस्टरच्या गिरण्यांना चांगला कापूस हवा होता, हे त्यामागचं उघड कारण. तरी शेतकऱ्याची गरजही खरी होती. रुमालाखाली दलालाची बोटं दाबून सौदा ठरे आणि गाडीवान नुसता बघत राही. भाव किती फुटला हे त्याला शेवटी कळे. काटा व्यापाऱ्याचा, कडताही त्याच्याच मर्जीचा. 1897 मध्ये वऱ्हाडासाठी कापूस आणि धान्य बाजाराचा कायदा झाला. मुंबई इलाख्यात 1927 साली कापसापुरता आणि 1939 साली सगळ्या शेतमालासाठी कायदा आला. उघडा लिलाव, तपासलेला काटा, परवानाधारक अडत्या, आणि हे सगळं चालवायला फी, म्हणजेच आपला सेस.

भांडण या फीवरूनच पेटलं. ती कर आहे की मोबदला? कर बसवायला कायदेमंडळाची स्पष्ट मंजुरी लागते. फीच्या बदल्यात मात्र काहीतरी द्यावं लागतं. हा भेद सर्वोच्च न्यायालयाने 1954 मध्ये मांडला तो उडुपीच्या शिरूर मठाच्या खटल्यात. मठाच्या वर्गणीच्या वादात ठरलेला हा भेद पुढे मोंढ्याच्या, म्हणजे शेतमालाच्या बाजाराच्या, फीला लागू झाला. 1961 साली मुंबईच्या 1939 च्या कायद्यावरचा खटला सर्वोच्च न्यायालयात पोचला. कायदा टिकला, पण फीचा नियम पडला. फीची कमाल मर्यादा सरकारने ठरवावी असं कायदा सांगत होता, नियमाने मात्र आकडा बाजार समित्यांच्या पोटनियमांवर सोडला होता.

खरी कसोटी लागली ती पंजाबात. तिथे फी शेकड्याला 2 रुपयांवरून 3 रुपये झाली आणि केवल कृष्ण पुरी विरुद्ध पंजाब राज्य हा खटला उभा राहिला. मंडीच्या पैशातून फरीदकोटच्या मेडिकल कॉलेजला मदत झाली होती, जोडरस्ते झाले होते. कामं चांगलीच होती. पण 1979 च्या निकालात घटनापीठाने विचारलं : फी भरणाऱ्याला मंडीत त्याचं काय मिळालं? रकमेचा मोठा हिस्सा, दोन-तृतीयांश किंवा तीन-चतुर्थांश तरी, त्याच्या सेवेत गेलेला दिसला पाहिजे. 2 वरून 3 रुपयांपर्यंतची वाढ रद्द झाली.

मला हा प्रश्न सगळ्या निकालांत मोलाचा वाटतो. गहू विकणाऱ्याच्या बाजारातून कॉलेज उभारायचं असेल तर सरकारने उघड कर लावावा, फीच्या आडून नव्हे. पुढे 1983 मध्ये, आंध्रच्या श्रीनिवास जनरल ट्रेडर्स खटल्यात, न्यायालयाने दोर सैल केला. रुपया-पैशाचा तंतोतंत मेळ नको, ढोबळ संबंध पुरे, असं ठरलं. समित्यांना श्वास मिळाला, हे मान्य; हिशेब मागणाऱ्याच्या हातातलं हत्यार मात्र बोथट झालं.

2020 च्या केंद्रीय कायद्याने बाजार समितीच्या आवाराबाहेरच्या व्यवहारावर राज्यांना फी घेता येणार नाही असं सांगितलं. जानेवारी 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याला स्थगिती दिली आणि त्याच वर्षाअखेर तो मागे घेतला गेला. सेस राहिला. आवारात ओट्यावर छप्पर आहे का, पावसात सोयाबीनचा ढीग कुठे सरकवायचा, काटा शेवटचा कधी तपासला, हे विचारायचा आधारही त्याच्याबरोबर राहिला.