काळा मृत्यू आणि चौदाव्या शतकातील ख्रिस्ती समाज

इ. स. १३४७ ते १३५१ या काळात युरोपभर पसरलेली प्लेगची महामारी इतिहासात ‘काळा मृत्यू’ या नावाने ओळखली जाते. या साथीत युरोपची सुमारे एक तृतीयांश, तर काही अभ्यासकांच्या मते निम्मी लोकसंख्या मृत्युमुखी पडली. त्या काळी स्नानसंस्कारापासून दफनविधीपर्यंत माणसाचे अवघे आयुष्य ख्रिस्तसभेच्या छत्राखाली व्यतीत होत असे. अशा श्रद्धावान समाजावर एवढे मोठे अरिष्ट कोसळले तेव्हा तो कसा वागला, याचा मागोवा प्रस्तुत लेखात आम्ही घेत आहोत.

उगम आणि प्रसार

ऑक्टोबर १३४७ मध्ये काळ्या समुद्राकडून आलेली जिनोआच्या व्यापाऱ्यांची गलबते सिसिली बेटावरील मेस्सिना बंदराला लागली आणि त्यांच्याबरोबर हा रोगही किनाऱ्यावर उतरला. पुढील वर्षभरात इटली, फ्रान्स आणि स्पेन त्याच्या विळख्यात सापडले. १३४८ सालीच तो इंग्लंडलाही पोहोचला. काखेत अथवा जांघेत गाठ येई, तीव्र ताप चढे आणि बहुतेक रुग्ण काही दिवसांतच दगावत.

रोगाचे कारण कोणालाच ठाऊक नव्हते. फ्रान्सच्या राजाने विचारणा केली असता पॅरिस विद्यापीठाच्या वैद्यकशाखेने १३४८ साली असे मत दिले, की १३४५ साली कुंभ राशीत झालेल्या शनी, गुरू आणि मंगळ यांच्या युतीमुळे हवा दूषित झाली आहे. या रोगाचा जंतू अलेक्झांडर येरसिन यांनी हाँगकाँग येथे १८९४ साली शोधून काढला. तो प्रामुख्याने पिसवांच्या दंशातून पसरतो, हे त्यानंतर सिद्ध झाले. किरगिझस्तानातील इसिक-कुल सरोवराजवळच्या १३३८-३९ सालच्या कबरींतील अवशेषांत याच जंतूचे अंश आढळल्याचे संशोधन २०२२ साली प्रसिद्ध झाले. त्या कबरींवरील लेख सिरियाक भाषेत आहेत. म्हणजेच या साथीचे सर्वांत आधीचे ज्ञात बळी मध्य आशियातील ख्रिस्ती लोक होते.

ओस पडलेली नगरे

इटलीतील सिएना नगराने १३३९ साली आपल्या कॅथेड्रलच्या भव्य विस्ताराचे काम हाती घेतले होते. साथीनंतर ते कायमचे थांबले. त्या अपुऱ्या वास्तूची उंच भिंत आजही तेथे उभी आहे. आन्योलो दी तुरा या तेथील बखरकाराने आपल्या पाच मुलांना स्वतःच्या हातांनी पुरल्याचे नमूद करून ठेवले आहे.

त्या काळी पोपमहोदयांचे वास्तव्य फ्रान्समधील आविन्यो येथे असे. तेथील दफनभूमी अपुरी पडू लागली, तेव्हा पोप सहावे क्लेमेंट यांनी नवी जागा विकत घेतली. तीही पुरेना, तेव्हा त्यांनी ऱ्होन नदीलाच आशीर्वाद देऊन ती पवित्र केली, जेणेकरून तिच्या पात्रात सोडलेल्या मृतदेहांना पवित्र भूमीतील दफनाचे समाधान लाभावे.

धर्मगुरू आणि धर्मभगिनी

संकटकाळी काही धर्मगुरूंनी आपले धर्मग्राम सोडून पळ काढला, हे आम्ही लपवू इच्छित नाही. समकालीन लेखकांनी त्याबद्दल कडक शब्दांत लिहिले आहे. परंतु रुग्णशय्येपाशी जाऊन पापनिवेदन ऐकणारे आणि अभ्यंगसंस्कार देणारे धर्मगुरू संसर्गाच्या सर्वांत निकट होते. इंग्लंडच्या अनेक धर्मप्रांतांत धर्मग्रामांचे सुमारे चाळीस टक्के वा त्याहूनही अधिक धर्मगुरू या साथीत निवर्तले. पॅरिसच्या ‘ओतेल-दियो’ रुग्णालयातील धर्मभगिनी मृत्यूचे भय न बाळगता रुग्णांची शुश्रूषा करीत राहिल्या. एकीच्या पश्चात दुसरी तिची जागा घेत असे, अशी साक्ष जाँ द व्हेनेत या व्रतस्थ बखरकाराने दिली आहे.

इंग्लंडमधील बाथ आणि वेल्सचे बिशप राल्फ यांनी जानेवारी १३४९ मध्ये काढलेले पत्रक तर विलक्षणच आहे. मरणोन्मुख व्यक्तीला धर्मगुरू मिळाला नाही, तर तिने कोणाही प्रापंचिकाजवळ, पुरुष नसल्यास स्त्रीजवळही, आपल्या पापांची कबुली द्यावी, असे त्यांनी कळविले. मध्ययुगीन ख्रिस्तसभा किती कोंडीत सापडली होती, हे यावरून लक्षात येते.

अफवेचे बळी

या इतिहासाचे सर्वांत क्लेशदायक पान मात्र रोगाने लिहिलेले नाही. ज्यू लोकांनी विहिरींत विष कालवले म्हणून साथ आली, अशी अफवा १३४८ साली पसरली. छळ करून कबुलीजबाब मिळवण्यात आले आणि ते गावोगाव पाठवण्यात आले. जानेवारी १३४९ मध्ये बाझेल येथे ज्यूंना लाकडी घरात कोंडून जिवंत जाळण्यात आले. १४ फेब्रुवारी १३४९ रोजी स्ट्रासबर्ग येथे त्याचीच पुनरावृत्ती झाली. नगराच्या बखरीत तेथील मृतांचा आकडा २,००० असा दिलेला आहे. ज्यूंना संरक्षण देऊ पाहणाऱ्या नगरप्रमुखांना त्याआधीच पदच्युत करण्यात आले होते. हत्याकांडानंतर ज्यू सावकारांची कर्जे रद्द झाली आणि त्यांची संपत्ती वाटून घेण्यात आली. विशेष म्हणजे स्ट्रासबर्गमध्ये तोवर प्लेग पोहोचलाच नव्हता. तो काही महिन्यांनंतर आला.

पोप सहावे क्लेमेंट यांनी १३४८ च्या जुलै आणि सप्टेंबर महिन्यांत फर्माने काढून ज्यूंच्या हत्येचा निषेध केला. त्यांचा युक्तिवाद साधा होता. या रोगाने ज्यूही मरत आहेत आणि जेथे एकही ज्यू राहत नाही अशा प्रदेशांतही तो पसरला आहे. मग दोष ज्यूंचा कसा? आविन्यो येथे त्यांनी ज्यूंना अभय दिले. परंतु ऱ्हाइन नदीच्या खोऱ्यात त्यांच्या शब्दाला कोणी जुमानले नाही. याचे एक कारण आम्हांस प्रांजळपणे नोंदवावेसे वाटते. ज्यूंचे रक्षण करणाऱ्या त्या सप्टेंबरच्या फर्मानाचा आरंभच ज्यूंच्या तथाकथित कपटाचा तिरस्कार व्यक्त करून होतो. पिढ्यान्‌पिढ्या ज्यांच्याविषयी तुच्छता शिकवली, त्यांच्याविषयी संकटाच्या घडीला एकाएकी करुणा कशी उपजावी? ख्रिस्ताच्या मृत्यूचा दोष सरसकट सर्व ज्यूंवर लादता येत नाही, अशी निःसंदिग्ध घोषणा दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ साली ‘नोस्त्रा एताते’ या दस्तऐवजात केली.

साथीनंतर

मजुरांची संख्या घटल्याने त्यांची मजुरी वाढली. ती रोखण्यासाठी इंग्लंडमध्ये १३५१ साली कायदा करण्यात आला. १३८१ सालच्या शेतकऱ्यांच्या उठावामागील असंतोषात त्याचाही वाटा होता. १३७७ साली द्युब्रोव्हनिक बंदराने साथीच्या प्रदेशांतून येणाऱ्यांना तीस दिवस वेगळे ठेवण्याचा नियम केला. पुढे ही मुदत चाळीस दिवसांची झाली आणि चाळीस या अंकासाठीच्या इटालियन शब्दावरून ‘क्वारंटाइन’ हा शब्द रूढ झाला.

हाच रोग १८९६ साली मुंबईत आला. वांद्रे, गिरगाव या भागांतील गावठाणांत त्या काळी उभारलेले प्लेगचे क्रूस त्याची आठवण देतात. २०२० साली करोनाच्या काळात आपणही भय अनुभवले आणि अफवाही ऐकल्या. अशा क्रूसापाशी मेणबत्ती लावताना, वाचकहो, प्लेगने मेलेल्यांबरोबरच प्लेग येण्यापूर्वीच शेजाऱ्यांच्या हातून मेलेल्यांसाठीही एक प्रार्थना करावी, असे आम्हांला वाटते.