अर्जदस्त ते युनिसेल

सत्ता आणि प्रयोग ह्यांचे नाते शिकवताना आपण बहुधा बंदीपासून सुरुवात करतो. नाशिककरांना तर ते सोयीचेच. २१ डिसेंबर १९०९ रोजी येथील विजयानंद नाट्यगृहात, ‘शारदा’च्या प्रयोगाच्या वेळी, अनंत कान्हेरे ह्यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या, आणि पुढच्याच वर्षी खाडिलकरांच्या ‘कीचकवधा’वर बंदी आली. ह्या इतिहासात भूमिका ठरलेल्या असतात : कलावंत बोलतो, सरकार त्याचे तोंड दाबते. परंतु मराठीत ह्याहून जुनी आणि, मला वाटते, अधिक अवघड अशी एक रीत आहे. तिच्यात कलावंत सरकारला उत्तर देत बसत नाही. तो सरकारचीच भाषा, त्याचाच कागद आणि त्याचाच पोशाख उचलतो.

एकनाथांची ‘अर्जदस्त’, ‘ताकीदपत्र’, ‘जाबचिठ्ठी’ ही भारुडे एम. ए.च्या वर्गात फारसी शब्दांची यादी करण्यापुरती वाचली जातात. वास्तविक त्यांचे नवल शब्दांत नाही, साच्यात आहे. सोळाव्या शतकातल्या दफ्तरात अर्ज जसा लिहिला जाई, तसाच तो नाथ लिहितात. फक्त परगणा शरीराचा असतो, जीव हा तिथला अंमलदार असतो आणि तलब घेऊन येतो तो यम. नाथांचे गुरू जनार्दनस्वामी परंपरेनुसार देवगिरीचे किल्लेदार. तेव्हा ही भाषा नाथांना ऐकीव नव्हती. ज्या कागदापुढे रोज मान तुकवायची, तोच कागद कीर्तनाच्या रंगात ऐकताना श्रोत्यांना प्रथमच थोडा दुरून दिसत असला पाहिजे.

बहुरूप्याचेही असेच. पोलिसाच्या वेशात दारात येऊन तो अटकेची धमकी देतो. हे सोंग आहे हे घरातल्या सर्वांना ठाऊक असते, तरी क्षणभर पोटात गोळा येतोच. गणवेश, दरडावणीचा स्वर, हातातला कागद : हुकमत एवढ्यावर उभी राहते, हे त्या क्षणात उघडे पडते.

मुंबईचे तुषार जोग (१९६६–२०१८) ह्यांचे काम मला ह्या रांगेत ठेवावेसे वाटते. नाथांचा त्यांच्यावर प्रभाव होता असा दावा नाही. रीत मात्र तीच. जे. जे. आणि बडोदे येथे शिक्षण, पुढे ॲम्स्टरडॅममध्ये काही काळ वास्तव्य, आणि मग कला व चळवळ ह्यांना जोडू पाहणाऱ्या ‘ओपन सर्कल’ ह्या गटाची सहकाऱ्यांसह स्थापना. २००४ मध्ये त्यांनी ‘युनिसेल पब्लिक वर्क्स सेल’ नावाचे एक खातेच काढले. खाते काल्पनिक, साहेब आणि शिपाई एकच. काळ लक्षात घ्यावा : मुंबईचे शांघाय करण्याची घोषणा तेव्हा गाजत होती आणि डिसेंबर २००४ पासून काही आठवड्यांत ऐंशी हजारांच्या आसपास झोपड्या पाडल्या गेल्या. अशा वेळी हे खाते नागरिकांसाठी वस्तू सुचवत होते. लोकलच्या गर्दीत प्रवाशाला स्वतःला अडकवून घेता यावे, असे एक साधन त्यांत होते. गाड्या वाढवायच्या नाहीत, माणसालाच जुळवून घ्यायला लावायचे. नियोजनाचे हे तर्कशास्त्र जोगांनी गंभीर चेहऱ्याने शेवटपर्यंत नेले. आमच्या द्वारका चौकातला, पादचाऱ्यांसाठी बांधलेला आणि पादचाऱ्यांनीच वर्षानुवर्षे टाळलेला भुयारी मार्ग ज्यांनी पाहिला आहे, त्यांना ही थट्टा समजावून सांगावी लागू नये.

२०१० मध्ये ते स्वतःच शांघायला निघाले, तेही मोटारसायकलवरून. गाडीचे नाव ‘रोसिनांते’, म्हणजे डॉन किहोतेचा घोडा. वाटेत सरदार सरोवर आणि चीनमधले थ्री गॉर्जेस. पहिल्या धरणाने नंदुरबार जिल्ह्यातली मणिबेलीसारखी गावे पाण्याखाली नेली, दुसऱ्याने बारा लाखांहून अधिक माणसे हलवली. लोकशाही आणि एकपक्षीय राजवट ह्यांच्यात फरक पुष्कळ आहेत. विस्थापिताच्या हाती पडणाऱ्या नोटिशीत तो किती उरतो, असा प्रश्न हा प्रवास विचारतो. तरीही मला हे काम थोडे पसरट वाटते. प्रवासाचे साहसच पुढे येते, प्रश्न मागे पडतो.

ह्याउलट २०११ मधला त्यांचा प्रयोग फार साधा आहे. २४ डिसेंबर २०१० रोजी रायपूरच्या सत्र न्यायालयाने डॉ. बिनायक सेन ह्यांना राजद्रोहाबद्दल जन्मठेप सुनावली होती. त्यानंतर जोग बसले आणि एकच वाक्य पुन्हा पुन्हा लिहीत राहिले : भारतीय न्यायव्यवस्थेवरचा आणि लोकशाहीवरचा विश्वास मी गमावणार नाही, अशा अर्थाचे. शाळेत वात्रट मुलाला शंभर वेळा लिहायला लावतात, तसे. येथे उपहास कोठे संपतो आणि निष्ठा कोठे सुरू होते हे सांगता येत नाही, आणि प्रयोगाचे बळ त्यातच आहे. आज्ञाधारकपणा इतका पूर्ण की तो निषेध वाटू लागतो. पण लिहिणाऱ्याला ते वाक्य खरे ठरावे असेही वाटते आहे. बहुरूपी निदान चार पैसे घेऊन वेश उतरवतो. ह्या सोंगात उतरवण्याजोगे काही नव्हते. हात खरोखरच दुखत असणार.

नाथांनी अर्जदस्ताबरोबर अभयपत्रही लिहून ठेवले आहे. तिथे धनी कोण, हे ठाऊक आहे. जोगांच्या कागदांवर कोणाचेच नाव नव्हते. सेन ह्यांना १५ एप्रिल २०११ रोजी सर्वोच्च न्यायालयाने जामीन दिला.