अभिलेखीय ध्वनितज्ज्ञ

अभिलेखीय ध्वनितज्ज्ञ म्हणजे माहितीपटासाठी जुनी ध्वनिमुद्रणे शोधणारा, ती ऐकण्याजोगी करणारा आणि चित्रीकरणाशी त्यांचा मेळ घालणारा तंत्रज्ञ होय. उपलब्ध आवाज कोणाचा, केव्हाचा आणि कोणत्या प्रसंगाचा आहे, हे निश्चित करणे हा या कामाचा गाभा असल्यामुळे माहितीपटाची विश्वासार्हता बऱ्याच अंशी त्यावर अवलंबून असते.

कामाचे स्वरूप

विसाव्या शतकातील पुष्कळसे चित्रीकरण मुके आहे. ध्वनी नोंदवला गेला असला, तरी तो अनेकदा स्वतंत्र फितीवर असतो. १९७० व १९८० च्या दशकांतील अनेक चुंबकीय फितींचा थर आर्द्रतेमुळे चिकट होतो. अशा फिती वाजवण्यापूर्वी सुमारे ५० अंश सेल्सिअसला काही तास तापवतात. त्यानंतर डिजिटल प्रत तयार करून फितीच्या वेगातील दोष दूर केले जातात आणि खरखर कमी केली जाते. दुरुस्तीपूर्वीची प्रत मात्र जशीच्या तशी जतन केली जाते, कारण अतिरिक्त स्वच्छतेमुळे मूळ आवाजातील बारकावे नष्ट होऊ शकतात.

‘अपोलो ११’चे उदाहरण

टॉड डग्लस मिलर दिग्दर्शित ‘अपोलो ११’ (२०१९) या अमेरिकन माहितीपटात नवे निवेदन वा मुलाखती नाहीत. त्यासाठी सुमारे ११,००० तासांचे ध्वनिमुद्रण उपलब्ध होते. १९६९ च्या चांद्रमोहिमेत ह्यूस्टन येथील नियंत्रण कक्षातील संभाषणे ३० ट्रॅकच्या फितींवर नोंदवली गेली होती. ‘नासा’कडील जुन्या यंत्रावर एका वेळी एकच ट्रॅक वाचता येत असे. डॅलस येथील टेक्सास विद्यापीठाच्या संशोधकांनी सर्व ट्रॅक एकाच वेळी वाचणारे हेड वापरून या फितींचे डिजिटायझेशन केले.

नियंत्रण कक्षाचे १६ मिमी चित्रीकरण मुके होते. ब्रिटिश अभिलेख निर्माते स्टीफन स्लेटर यांनी पडद्यावरील व्यक्तींच्या ओठांची हालचाल व इतर दृश्य खुणांच्या आधारे त्या क्षणांची संभाषणे फितींतून शोधली आणि चित्राशी जुळवली. त्यामुळे या दृश्यांत दिसणाऱ्या व्यक्तींचे त्याच वेळचे शब्द ऐकता येतात.

नैतिक प्रश्न

चित्र आणि आवाज एकत्र आले की, ते एकाच क्षणाचे आहेत असे प्रेक्षक गृहीत धरतो. त्यामुळे दुसऱ्या दिवसाचे संभाषण वा अन्य ठिकाणचा गोंगाट जोडल्यास अस्सल सामग्रीतूनही खोटा पुरावा तयार होतो. पीटर जॅक्सन यांच्या ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’ (२०१८) या पहिल्या महायुद्धावरील माहितीपटात दोन प्रकारचे आवाज आहेत. निवेदन माजी सैनिकांच्या जुन्या ध्वनिमुद्रित मुलाखतींतून घेतले आहे. मुक्या दृश्यांतील संवाद मात्र ओष्ठवाचन करून अभिनेत्यांकडून नव्याने वदवून घेतले आहेत. पहिला आवाज अभिलेखीय, तर दुसरा पुनर्रचित ठरतो. हा भेद नोंदींत स्पष्ट राहावा, यासाठी प्रत्येक ध्वनिखंडाचे मूळ, दिनांक, हक्कधारक आणि त्यात केलेले बदल यांची सूची ठेवली जाते.