निकाहची वेबसाइट: पाहुण्यांसाठी माहितीचं एक पान कसं तयार करावं?

निकाहची तारीख ठरली, दावतनामे वाटून झाले, की घरातला फोन वाजायला लागतो. 'आमगावला उतरायचं की गोंदियाला?', 'निकाह जोहरनंतर आहे की असरनंतर?', 'रात्री मुक्कामाची सोय आहे का?' कार्डावर एवढं सगळं मावत नाही. मग ऐन कामाच्या धावपळीत मुलीचे अब्बा आणि मामू तीच उत्तरं पन्नास जणांना देत बसतात.

ही उत्तरं एका जागी ठेवणारं पान म्हणजे निकाहची वेबसाइट. साधी वेबसाइट करायला पैसे लागत नाहीत आणि घरातली कॉलेजात जाणारी मुलं ती एका संध्याकाळात बनवू शकतात. मात्र एक गोष्ट आधीच स्पष्ट करतो. वेबसाइट ही दावत नाही. दावत माणसानंच माणसाला द्यायची असते. फुफी, खाला आणि घरातले बुजुर्ग यांच्याकडे कार्ड घेऊन जायचंच. दावत स्वीकारलेल्या माणसाला तिथवर नीट पोहोचवणं, एवढंच वेबसाइटचं काम.

देवरीला येणाऱ्यांना काय सांगायचं?

देवरी नावाची गावं अनेक आहेत. मध्य प्रदेशात सागर जिल्ह्यात देवरी आहे, तर वर्धा जिल्ह्यात देवळी आहे. नकाशात नुसतं नाव टाकणारा पाहुणा भलतीकडे निघू शकतो. म्हणून 'देवरी, जिल्हा गोंदिया, पिन ४४१९०१' असं पूर्ण लिहावं आणि शादीच्या हॉलचा नेमका नकाशा जोडावा.

- रेल्वेनं: देवरीत रेल्वे स्टेशन नाही. मुंबईहून विदर्भ एक्सप्रेस आणि कोल्हापूरहून महाराष्ट्र एक्सप्रेस गोंदियापर्यंत येतात. आमगाव स्टेशन जवळ पडतं, पण सगळ्या गाड्या तिथं थांबत नाहीत. कुठे उतरायचं आणि पुढे कोणतं वाहन मिळेल, ते दोन ओळींत लिहा.
- रस्त्यानं: देवरी राष्ट्रीय महामार्ग ५३ वर आहे. नागपूरकडून येताना भंडारा, साकोली, कोहमारा लागतं. रायपूर-दुर्गकडून येणारे राजनांदगाववरून येतात. महामार्गावरून हॉलकडे कुठे वळायचं, ती खूण जरूर द्या.
- चिचगड-कोरचीकडून: जंगलातल्या रस्त्यावर मोबाइलची रेंज येते-जाते. घरूनच पान उघडून स्क्रीनशॉट काढून ठेवा, असं लिहावं.

पानावर काय असावं?

१. दोन्ही घरांची नावं, निकाह आणि वलीम्याची तारीख, वार, वेळ. हिजरी तारीख लिहावीच, पण चंद्र दिसण्यावर ती एका दिवसानं बदलू शकते. शिवाय इस्लामी तारीख मगरिबनंतर बदलते. 'जुम्याची रात' म्हटलं की आपल्याकडे गुरुवारची रात्र समजतात, तर बाहेरचे पाहुणे शुक्रवारची समजतात. म्हणून इंग्रजी तारीख आणि वार ठळक लिहा.

२. 'जोहरनंतर' एवढंच लिहू नका. प्रत्येक मशिदीत जमातची वेळ वेगळी असते. घड्याळाची वेळही द्या.

३. निकाह मशिदीत आणि जेवण हॉलमध्ये असेल तर दोन्ही जागांचे वेगळे नकाशे.

४. बायकांची बसण्याची जागा, वजू-नमाजची सोय, गाड्या लावायची जागा.

५. संपर्कासाठी दोन नंबर, एक पुरुषांसाठी आणि एक बायकांसाठी. नंबर अशाच माणसाचा द्या, ज्याला त्या दिवशी फोन उचलायला फुरसत असेल. नवरी-नवरदेवाचा नको.

बनवायचं कसं?

मोफत साधनांत गूगल साइट्स सोपं आहे. जीमेलचं खातं असलं की पुरे. कॅनव्हावरही तयार नमुने मिळतात. साइट्सचं काम शक्यतो कॉम्प्युटरवर करावं. पाहुण्यांना ती मोबाइलवर व्यवस्थित दिसते.

१. गूगल साइट्स उघडून रिकामी साइट घ्या आणि वर शीर्षक लिहा.

२. 'इन्सर्ट'मधून मजकूर आणि नकाशा टाका. मोठे फोटो, व्हिडिओ टाळा. पान जितकं हलकं, तितकं कमी रेंजमध्ये लवकर उघडतं.

३. हजेरीसाठी गूगल फॉर्म बनवून पानात जोडा. प्रश्न पाचच ठेवा: नाव, गाव, मोठी माणसं किती, लहान मुलं किती, मुक्काम करणार का? शेजारीपाजारी आणि ऑफिसातले शाकाहारी पाहुणे येणार असतील तर 'शाकाहारी जेवण किती?' हाही प्रश्न जोडा. एका माणसाला एकच उत्तर देण्याची अट चालू करू नका. ती असली की जीमेलनं लॉगिन करावं लागतं आणि बुजुर्ग तिथंच थांबतात.

४. 'पब्लिश' करताना छोटा पत्ता निवडा. तिथंच सर्च इंजिनमध्ये साइट दाखवू नये, असा पर्याय असतो. त्यावर खूण करा.

५. घरातल्या सर्वात साध्या मोबाइलवर उघडून पाहा. दादींना वाचता आलं म्हणजे पान जमलं.

फॉर्म भरून घेण्यात मोठा फायदा आहे. निरोप दोनशेचा आणि आले साडेतीनशे, असं झालं की ऐनवेळी देग चढवण्याचा बोजा मुलीच्या बापावर पडतो. उलट झालं तर अन्न वाया जातं आणि पैसाही. फॉर्मची उत्तरं एका तक्त्यात जमा होतात. तो तक्ता बावर्चीशी बोलायच्या आधी पाहावा. मुलाकडच्यांनीही आपल्या पाहुण्यांचा आकडा त्याच फॉर्ममधून वेळेत कळवला, तर मुलीच्या घराला फार मोठा आधार होतो.

उर्दूत की मराठीत?

दोन्हींत. नातेवाइकांत उर्दू वाचणारे आहेत, तसे मराठी शाळेत शिकलेलेही आहेत. उर्दू मजकूर युनिकोडमध्ये टाइप करावा. इनपेजमध्ये टाइप केलेलं जसंच्या तसं वेबसाइटवर चिकटवलं तर अक्षरं बिघडू शकतात. आधी युनिकोडमध्ये बदलून घ्या, नाहीतर बिस्मिल्लाह आणि वरचा मजकूर छोट्या चित्राच्या रूपात लावा. पत्ता, वेळ आणि फोन नंबर मात्र चित्रात नको. ते टाइप केलेलेच हवेत, म्हणजे नंबरवर बोट ठेवून फोन लावता येतो.

काय टाकू नये?

- नवरीचा फोटो. एकदा फोटो नेटवर गेला की तो कुठे पोहोचेल यावर आपला ताबा राहत नाही. मुलीची रजामंदी विचारा, आणि विचारूनही न टाकलेला बरा.
- मेहरची रक्कम, जहेजचा किंवा दागिन्यांचा उल्लेख.
- घराचा पूर्ण पत्ता. सगळं घर अमुक वेळी हॉलवर असणार, हे चोरालाही कळतं.
- सलामीसाठी पेमेंटचा क्यूआर कोड. पाहुण्यांना ते मागितल्यासारखं वाटतं, आणि त्याजागी दुसऱ्याच खात्याचा कोड घालून कुणी मेसेज फिरवू शकतं.

लिंक पाठवताना सावध

नोव्हेंबर २०२४ मध्ये हिमाचल प्रदेशच्या सायबर पोलिसांनी इशारा दिला होता: व्हॉट्सअ‍ॅपवर लग्नाच्या निमंत्रणाच्या नावानं एपीके फाइल येते, ती उघडली की मोबाइलमध्ये घातक अ‍ॅप बसतं आणि माहिती चोरीला जाते. म्हणून दावतनाम्यावरच छापा, 'आम्ही कोणतीही फाइल पाठवणार नाही.' लिंकचा क्यूआर कोड कार्डावर छापला तर उत्तम, कारण कार्ड ओळखीच्या हातून आलेलं असतं. लिंक व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवायची असेल तर सोबत आपल्या आवाजात दोन शब्द रेकॉर्ड करून पाठवा. कुणाची फसवणूक झालीच तर ताबडतोब १९३० या सायबर हेल्पलाइनवर फोन करावा.

ज्यांच्याकडे स्मार्टफोन नाही, त्यांची यादी वेगळी करून घरातल्या एका मुलाकडे द्या. त्यानं फोन करून हजेरी विचारायची आणि फॉर्म स्वतः भरायचा.

निकाहचं ऐलान करावं, असं आपल्याला शिकवलं आहे. दिखावा करावा असं नाही. म्हणून पान साधं ठेवा. वलीमा झाला की दोन-तीन दिवस शुक्रियाचा संदेश लावा, मग साइट अनपब्लिश करा आणि पाहुण्यांच्या नावांचा तक्ता पुसून टाका. लोकांनी आपल्यावर भरोसा ठेवून दिलेली माहिती ही अमानत आहे.