रिकाम्या नकाशाचा इतिहास

इम्प्रेशन्स गेम्सचा ‘सीझर ३’ हा रोमन नगर वसविण्याचा संगणक-खेळ १९९८ साली आला. त्याच्या मॅप एडिटरमध्ये खेळाडू स्वतः नकाशा घडवितो. आरंभी पडद्यावर असते एक निर्मनुष्य हिरवे मैदान. त्यावर नदी, झाडी, खडक, सुपीक जमीन रंगवायची. रस्ता कोठून शिरेल, शत्रू कोठून चाल करून येईल, ते ठरवायचे. मग भूमी रोमन नगरासाठी सिद्ध होते.

साहित्याच्या अभ्यासकाने हा एडिटर एखाद्या संहितेसारखा वाचावा, असे आम्हांस वाटते. प्रत्येक संहितेप्रमाणे त्यालाही स्वतःचा शब्दसंग्रह आहे आणि जे त्या शब्दसंग्रहात नाही, ते त्या जगात घडू शकत नाही. मूळ रहिवाशांसाठी येथे तीनच चिन्हे आहेत : झोपडी, शेत आणि सभास्थान. त्यांना देऊळ नाही, बाजारपेठ नाही, लिपी नाही. रोमन ‘मिशन’ उभारले की ते शांत होतात व व्यापार करू लागतात.

आता याच खेळातील एका मोहिमेचे स्थळ असलेले कार्थेज घ्या. इ.स.पू. १४६ मध्ये रोमने ते उद्ध्वस्त केले. तेथील ग्रंथसंग्रह आफ्रिकेतील राजांना देऊन टाकले. अपवाद केला तो मागोच्या कृषिविषयक २८ खंडांचा. प्यूनिक भाषेतील तो ग्रंथ लॅटिनमध्ये आणण्याचा आदेश सीनेटने दिला, असे थोरला प्लिनी नोंदवितो. मूळ ग्रंथ आणि भाषांतर दोन्ही आज लुप्त आहेत. इतरांच्या लेखनातील उल्लेख व उतारे तेवढे उरले. जेत्यांनी ज्यांच्याकडून शेतीची विद्या घेतली, त्यांच्यासारख्यांच्या वाट्याला एडिटरमध्ये एक मूक शेत येते.

पुढे रोमन मोजणीदारांनी आजच्या ट्युनिशियाच्या भूमीवर सुमारे ७१० मीटर बाजूचे चौकोन आखले. विमानातून घेतलेल्या छायाचित्रांत त्या रेषा अजूनही ओळखता येतात. चौकटींत वाटून द्यायची कोरी भूमी ही कल्पना साम्राज्याने संगणकाच्या दोन हजार वर्षे आधीच रुजविली होती. एडिटरकडे ती वारशाने आली.

या साधनात एक फट मात्र आहे. कोणी मनावर घेतले तर नकाशाभर झोपड्या आणि शेते रंगवून रोमसाठी जागाच न ठेवण्याची मुभा एडिटर देतो. पण त्या झोपड्यांच्या बाजूने खेळण्याची सोय तो देत नाही. खेळाडू कायम रोमचाच अधिकारी राहतो. नकाशा कोणी काढला याइतकाच, तो कोणाच्या बाजूने वाचावा लागतो, हाही इतिहासाचा प्रश्न आहे.