खोडदच्या दुर्बिणीची एकाग्रता

पुणे-नाशिक महामार्गावर मंचर सोडून आंबेगावातून जुन्नर तालुक्यात शिरले, की नारायणगावच्या पूर्वेस खोडद परिसरात आभाळाकडे तोंड केलेल्या प्रचंड जाळीदार थाळ्या दिसू लागतात. हीच ‘जीएमआरटी’ ही रेडिओ दुर्बीण. टाटा मूलभूत संशोधन संस्थेच्या राष्ट्रीय रेडिओ खगोलभौतिकी केंद्राने डॉ. गोविंद स्वरूप यांच्या नेतृत्वाखाली ती उभारली. २००२ पासून ती जगभरच्या संशोधकांसाठी खुली आहे.

स्पंदतारे, दूरच्या दीर्घिका आणि हायड्रोजन वायू यांच्याकडून येणाऱ्या रेडिओलहरी टिपणे हे तिचे काम. या लहरी विलक्षण क्षीण असतात. चंद्रावर एखादा मोबाइल फोन सुरू ठेवला, तर तोही तिला आकाशातील ठळक स्रोतांपैकी एक भासेल! अशा श्रोत्यापुढे गावातील रोजचे जगणे म्हणजे अखंड कोलाहलच. मोबाइलचे मनोरे, मोटारसायकलच्या इंजिनातील ठिणगी, विजेच्या खांबावरचा सैल जोड, या सर्वांतून रेडिओलहरी बाहेर पडतात. डोंगरांचा आडोसा आणि तेव्हाची शांतता पाहून ही जागा निवडली होती. वस्ती व बाजारपेठ मात्र वाढतच गेली.

दुर्बिणीची रचनाच या गोंगाटावरचा एक उपाय आहे. ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेनांपैकी १४ मध्यभागी एकवटलेल्या असून उरलेल्या १६ तीन शाखांवर, सुमारे २५ किलोमीटरच्या विस्तारात विखुरल्या आहेत. आकाशातील स्रोत सर्वांना एकाच वेळी ‘ऐकू’ येतो. एका अँटेनाजवळची ठिणगी दूरच्या अँटेनाला ऐकू येत नाही. दोन-दोन अँटेनांचे संकेत ताडून पाहिले की असा स्थानिक गोंगाट बराचसा गळून पडतो. जवळजवळच्या अँटेनांना मात्र ही सवलत नाही. तेथे बिघडलेल्या नोंदी शोधून टाकून द्याव्या लागतात. निरीक्षणाचे तेवढे तास वाया जातात. २०१० नंतरच्या दशकात दुर्बीण अद्ययावत झाली. तिचा कंप्रतापट्टा रुंदावला, तसा गोंगाटही अधिक शिरू लागला. म्हणून तो आपोआप गाळणारी यंत्रणाही बसविण्यात आली.

या शांततेची किंमत परिसरही मोजतो. येथे उद्योग काढण्यावर निर्बंध आहेत. पुणे-नाशिक लोहमार्गाचा जुन्नर-आंबेगावातून जाणारा मूळ मार्गही याच दुर्बिणीचे कारण देऊन बदलण्यात आला. टोमॅटो-कांदा पिकविणाऱ्या या पट्ट्यात त्याविषयीची नाराजी स्वाभाविक आहे. मूळ मार्गाची मागणी येथून वारंवार झाली आहे.